ऑस्ट्रेलियाचे उंट आणि अर्धवट सोडलेला उपचार

जानेवारी २०२० मध्ये दक्षिण ऑस्ट्रेलिया राज्याच्या वायव्य कोपऱ्यात हेलिकॉप्टरमधून नेमबाजांनी पाच दिवसांत पाच हजारांहून अधिक उंट मारले. ही बातमी भारतात पोहोचली ती एका ओळीची होऊन : ‘उंट फार पाणी पितात, म्हणून त्यांना ठार केले.’ त्याच दिवसांत ऑस्ट्रेलियाच्या पूर्व भागात भयंकर वणवे पेटलेले होते. होरपळलेल्या कोआलांची छायाचित्रे आणि उंटांच्या हत्येची बातमी एकाच मोबाइलवर एकापाठोपाठ येऊन पडली. त्यातून ‘आग विझवायला पाणी पुरेना, म्हणून उंट मारले’ असाही समज पसरला. प्रत्यक्षात वणव्यांचा तो प्रदेश आणि उंटांचा हा प्रदेश यांत हजाराहून अधिक किलोमीटरचे अंतर आहे.

मुक्या जनावरांवर अशा गोळ्या झाडल्या गेल्या की वाईट वाटणारच. वाटले नाही तरच काळजी करावी. पण वाईट वाटून थांबले, तर दोन गोष्टी नजरेआड होतात. एक म्हणजे, हे उंट ऑस्ट्रेलियाचे नव्हतेच. माणसाने आपल्या कामासाठी जहाजातून ते तिथे नेले आणि काम संपल्यावर वाऱ्यावर सोडले. दुसरी अधिक महत्त्वाची. त्यांची संख्या आटोक्यात ठेवण्याचा चांगला चाललेला कार्यक्रम २०१३ मध्ये संपला आणि पुढे त्या प्रमाणात काम झाले नाही. रक्तदाब नियंत्रणात आला म्हणून गोळी बंद करणारा रुग्ण काही वर्षांनी पक्षाघात होऊन रुग्णालयात येतो, त्यातलाच हा प्रकार. उंट मारणे योग्य की अयोग्य, हा वाद घालताना हा खंड पडलेला उपचार कुणाच्या लक्षातच येत नाही.

वाळवंटासाठीच घडलेले शरीर

उंट ऑस्ट्रेलियात इतका फोफावला कसा, हे कळायचे तर त्याचे शरीर समजून घ्यावे लागते. उंटाच्या मदारीत पाणी साठवलेले असते, हा समज अजूनही अनेकांच्या मनात आहे. मदारीत असते ती चरबी. पाणी वाचवण्याची खरी किमया त्याच्या रक्तात, मूत्रपिंडात, नाकात आणि शरीराच्या तापमानात आहे. १९५० च्या दशकात क्नुट श्मिट-नील्सन या शरीरक्रियाशास्त्रज्ञाने सहारा वाळवंटात उंटांवर केलेल्या अभ्यासातून यातल्या बऱ्याच गोष्टी उलगडल्या.

माणसाच्या शरीराचे तापमान ३७ अंशांच्या आसपास राहते. ते दोन-तीन अंशांनी वाढले तरी आपण अंथरूण धरतो. तहानलेला उंट मात्र पहाटे ३४ अंशांपर्यंत थंड होतो आणि दुपारी ४० अंशांच्या वर जातो. दिवसभराची उष्णता तो अंगात साठवतो आणि रात्रीच्या गारव्यात बाहेर टाकतो. घाम गाळून शरीर थंड करण्याची वेळ लांबते आणि लिटरच्या लिटर पाणी वाचते. त्याचे मूत्र अतिशय घट्ट असते, विष्ठा जवळजवळ कोरडी असते आणि उच्छ्वासातली वाफ नाकातच बरीचशी परत शोषली जाते.

उन्हात माणसाच्या वजनाच्या दहा-बारा टक्के पाणी कमी झाले, तर जीव धोक्यात येतो. रक्त दाट होते, हृदयाला ते ढकलता येत नाही आणि उष्माघात ओढवतो. उंट वजनाच्या पंचवीस टक्क्यांहून अधिक पाणी गमावूनही चालत राहतो, कारण ही घट तो रक्तापेक्षा शरीरातल्या इतर पाण्यातून सोसतो. मग पाणी मिळाले की दहा-पंधरा मिनिटांत शंभर लिटर पिऊन टाकतो. इतक्या वेगाने इतके पाणी माणसाच्या पोटात गेले, तर रक्तातले सोडियम झपाट्याने उतरून मेंदूला सूज येईल. उंटाच्या तांबड्या पेशी मात्र आपल्यासारख्या गोल नसून लंबगोल असतात आणि दुपटीहून अधिक फुगल्या तरी फुटत नाहीत.

असा प्राणी जिथे वाघ नाही, लांडगा नाही, उंटांचे फारसे रोग नाहीत आणि माणसे अगदी विरळ आहेत, अशा विस्तीर्ण वाळवंटात सोडला तर काय होईल? उंटीण साधारण तेरा महिने गाभण राहते आणि दोन वर्षांत एखादे पिल्लू देते. वेग सशासारखा नाही. पण पिल्ले मारणारे कुणी नाही आणि आयुष्य लांब. त्यामुळे वर्षाला साधारण आठ टक्के वाढ होऊ शकते. म्हणजे नऊ-दहा वर्षांत कळप दुप्पट.

आणले गरजेपोटी, सोडले गैरसोय म्हणून

ऑस्ट्रेलियात पहिला उंट १८४० मध्ये कॅनरी बेटांवरून आला. जहाजात चढवलेल्यांपैकी तो एकटाच जिवंत उतरला. त्याचे नाव हॅरी. १८४६ मध्ये जॉन हॉरॉक्स या शोधप्रवाशाने त्याला मोहिमेवर नेले. हॉरॉक्स बंदूक भरत असताना उंट हलला, गोळी सुटली आणि हॉरॉक्स जखमी झाला. पुढे त्या जखमेनेच तो दगावला; उंटालाही गोळी घालण्यात आली. ऑस्ट्रेलियातल्या उंटाच्या इतिहासाची सुरुवातच अशी झाली.

मोठ्या संख्येने उंट आले ते मात्र आपल्याच उपखंडातून. १८६० मध्ये बर्क आणि विल्स यांच्या गाजलेल्या मोहिमेसाठी दोन डझन उंट कराचीमार्गे मेलबर्नला पोहोचले. ती मोहीम शोकांतिका ठरली. परतीच्या वाटेवर बर्क आणि विल्स हे दोघेही १८६१ मध्ये कूपर्स क्रीकच्या काठी मरण पावले. तिथले आदिवासी ‘नारडू’ नावाच्या नेच्याच्या बीजकोशांचे पीठ खात. त्यात जीवनसत्त्व ब-१ नष्ट करणारे विकर असते. आदिवासींना ते कसे तयार करायचे हे पिढ्यान्‌पिढ्या माहीत होते. या पाहुण्यांना नव्हते. पोट भरूनही ते खंगत गेले. त्यांच्या मृत्यूला बेरीबेरीचा हातभार लागला असावा, असे संशोधकांनी पुढे मांडले. त्यांचा सहकारी जॉन किंग यांद्रुवांधा लोकांनी सांभाळले म्हणून वाचला. त्या भूमीचे ज्ञान असलेल्यांना विचारले नाही तर काय होते, याचे हे उदाहरण पुढेही आठवावे लागते.

१८६६ मध्ये थॉमस एल्डर या उद्योजकाने शंभराहून अधिक उंट आणि त्यांना सांभाळणारी माणसे आणली. मग ओघ सुरू झाला. १८७० ते १९२० या काळात सुमारे वीस हजार उंट आणि दोन हजारांवर उंटवाले ऑस्ट्रेलियात उतरले. त्यांना सरसकट ‘अफगाण’ म्हटले जाई. प्रत्यक्षात त्यांत बलुची, सिंधी, पंजाबी, काश्मिरी अशा कितीतरी जणांचा भरणा होता. खंडाच्या आरपार गेलेल्या तारेच्या खांबांचे सामान, खाणींना लागणारे पाणी, शेतावरची लोकर, दूरच्या वस्त्यांचे धान्य हे सारे उंटांच्या पाठीवरून गेले. ॲडलेडहून ॲलिस स्प्रिंग्सकडे जाणाऱ्या रेल्वेचे ‘घान’ हे नाव याच अफगाणांची आठवण म्हणून रूढ झाल्याचे मानले जाते.

पण त्यांच्या श्रमावर देशाचा मध्यभाग उघडला गेला, त्याच काळात १९०१ च्या स्थलांतर निर्बंध कायद्याने आशियाई माणसांना दार बंद झाले आणि पुढे नागरिकत्वही नाकारले गेले. १९२० च्या दशकात मोटारी आणि मालमोटारी आल्या. उंटांचे काम संपले. दक्षिण ऑस्ट्रेलियाने १९२५ मध्ये उंट नष्ट करण्याचा कायदाच केला. नोंदणी नसलेल्या उंटांना गोळी घालण्याची मुभा त्यात होती. ज्यांनी ही जनावरे पोटच्या पोरांसारखी वाढवली होती, त्यांतल्या अनेकांनी त्यांना मारण्याऐवजी वाळवंटात सोडून दिले. त्यांच्या जागी दुसरे कुणी असते, तर बहुधा तेच केले असते. आजचे मोकाट उंट हे त्या सोडून दिलेल्यांचे वंशज आहेत.

पाणवठ्यावर काय होते

२००८ च्या सुमारास मोकाट उंटांची संख्या दहा लाखांच्या आसपास असल्याचा अंदाज मांडला गेला. पुढच्या हवाई पाहण्यांनंतर तो आकडा बराच खाली आणण्यात आला. मात्र त्यांचा वावर असलेला प्रदेश ३३ लाख चौरस किलोमीटरचा आहे, याबद्दल फारसा वाद नाही. म्हणजे जवळजवळ भारताएवढा.

उंटाची एक बाजू न्यायाने सांगितली पाहिजे. त्याच्या पायाला गाई-मेंढ्यांसारखे कठीण खूर नसतात, मऊ गादी असते. त्यामुळे माती तुलनेने कमी उखडते. पाऊस बरा झाला की कळप विखुरतात आणि अनेक आठवडे हिरव्या पाल्यातल्या ओलाव्यावर काढतात. तेव्हा कुणाला त्यांचा त्रास जाणवतही नाही. अडचण येते ती दुष्काळात. तिथे वाढणाऱ्या वनस्पतींपैकी ऐंशी टक्क्यांहून अधिक प्रकार उंट खातो. क्वॉनडाँगसारखी फळझाडे त्याच्या विशेष आवडीची. ही फळे आदिवासींच्या पारंपरिक आहारातली. आधीच दुकानातल्या साखर-मैद्यावर ढकलल्या गेलेल्या आणि मधुमेहाचे प्रमाण फार मोठे असलेल्या या समाजाच्या ताटातून आणखी एक ताजा पदार्थ असा कमी होतो.

पाण्याचे नुकसान याहून मोठे. मध्य ऑस्ट्रेलियात खडकांच्या खळग्यांत साठलेले पावसाचे पाणी हाच कित्येक प्राणी-पक्ष्यांचा आधार. उंटांचा एक कळप असा खळगा एका भेटीत रिकामा करतो. पाणी खोल गेले की उंट आत उतरण्याची धडपड करतात, अडकतात आणि तिथेच मरतात. कुजलेल्या देहांनी उरलेले पाणी विषारी होते. हे पाणवठे आदिवासींसाठी पवित्र स्थळेही आहेत; त्यांच्या कथा, गाणी, कुळांचे नाते त्यांच्याशी बांधलेले आहे. गावची विहीर आणि गावदेवीचे ठाणे एकाच जागी असावे आणि त्यात मेलेली जनावरे तरंगत असावीत, अशी कल्पना केली तर या दुःखाचा थोडा अंदाज येईल.

नोव्हेंबर २००९ मध्ये ॲलिस स्प्रिंग्सच्या नैर्ऋत्येला सुमारे ५०० किलोमीटरवर असलेल्या डॉकर रिव्हर (काल्टुकाट्जारा) या साडेतीनशे वस्तीच्या गावात सुमारे सहा हजार तहानलेले उंट शिरले. त्यांनी पाण्याच्या टाक्या पाडल्या, नळ उखडले, कुंपणे मोडली. गावाच्या छोट्या धावपट्टीवरही ते पसरले. अशा वस्तीत छातीत दुखू लागलेल्या माणसाला किंवा अडलेल्या बाळंतिणीला विमानानेच न्यावे लागते. धावपट्टी अडली की रुग्णवाहिकेचा रस्ता अडला. लोक घराबाहेर पडायला घाबरत होते. आरोग्याच्या दृष्टीने पाहिले, तर ही केवळ वन्यजीवांची बातमी नव्हती. पिण्याचे पाणी, सांडपाणी आणि तातडीची वैद्यकीय सेवा या तिन्ही गोष्टी एकाच वेळी कोलमडल्या होत्या.

२०२० ची घटनाही याच साखळीतली. २०१९ हे ऑस्ट्रेलियातले तोवरचे सर्वांत उष्ण आणि सर्वांत कोरडे वर्ष होते. पित्जन्त्जत्जारा आणि यंकुनित्जत्जारा या अनंगू लोकांच्या मालकीच्या सुमारे एक लाख चौरस किलोमीटर भूमीत, जिथे जेमतेम अडीच हजार माणसे राहतात, पाण्याच्या वासाने उंट वस्त्यांत शिरू लागले. वातानुकूलन यंत्रातून ठिबकणाऱ्या पाण्यासाठी ते भिंतीवरची यंत्रे उचकटत होते. रात्री रस्त्यावर उंट आडवा येऊन गाड्यांना अपघात होण्याची भीती होती. उंट मारण्याचा निर्णय कॅनबेरातल्या कुणी तहानलेल्या अधिकाऱ्याने घेतला नव्हता. तो त्या भूमीच्या आदिवासी मालकांच्या संस्थेने घेतला होता. भारतात आलेल्या एका ओळीच्या बातमीत नेमकी हीच गोष्ट नव्हती.

रोगाच्या नावाने बदनामी नको

येथे एक गैरसमज आधीच दूर केलेला बरा. २०१२ मध्ये सौदी अरेबियात ‘मर्स’ हा करोना कुळातल्या विषाणूचा आजार ओळखला गेला आणि तो उंटांकडून माणसाला होतो हे स्पष्ट झाले. अरबस्तान आणि आफ्रिकेतल्या उंटांच्या रक्तात या विषाणूच्या खुणा मोठ्या प्रमाणावर आढळतात. ऑस्ट्रेलियातल्या मोकाट उंटांचे रक्त तपासले तेव्हा मात्र त्या आढळल्या नाहीत. म्हणजे हे उंट मारले गेले ते साथीच्या भीतीने नव्हे.

हवामानबदलाचे कारणही असेच सांभाळून वापरायला हवे. एक उंट वर्षाला सुमारे ४५ किलो मिथेन सोडतो, त्याची बरोबरी साधारण एक टन कार्बन डायऑक्साइडशी होते. तेव्हा उंट मारणाऱ्यांना कार्बन क्रेडिट द्यावे, असा प्रस्ताव २०११ मध्ये एका कंपनीने मांडला होता. ज्या देशात दोन कोटींहून अधिक गाईगुरे आहेत, तिथे मिथेनसाठी उंटाला आरोपीच्या पिंजऱ्यात उभे करणे हास्यास्पद आहे. उंटांची संख्या कमी करण्याचे खरे कारण पाणी आणि वनस्पती हेच आहे. खऱ्या कारणाला खोट्या कारणाची जोड दिली की लोकांचा खऱ्यावरचाही विश्वास उडतो. लसीकरणाच्या बाबतीत आरोग्य खात्यांनी हा अनुभव पुरेपूर घेतला आहे.

उपचार थांबला तिथे

२००९ ते २०१३ या काळात केंद्र सरकारच्या सुमारे १ कोटी ९० लाख ऑस्ट्रेलियन डॉलरच्या निधीतून मोकाट उंट व्यवस्थापनाचा राष्ट्रीय प्रकल्प राबवला गेला. आदिवासी संस्था, पशुपालक, राज्य सरकारे, संशोधक असे सगळे त्यात होते. सुमारे १ लाख ६० हजार उंट कमी केले गेले. बहुतेक हेलिकॉप्टरमधून गोळ्या घालून, काही हाकारून मांसासाठी नेऊन. जनावर तत्काळ मरते की तडफडते, याची तपासणी स्वतंत्र पशुवैद्यकांकडून करून घेतली गेली. प्रकल्पाच्या शेवटी उरलेल्या उंटांचा अंदाज सुमारे तीन लाख होता. महत्त्वाचे पाणवठे सावरू लागले. आणि प्रकल्प संपला.

इथेच एक ढोबळ हिशेब करून पाहण्यासारखा आहे. तीन लाख उंट वर्षाला आठ टक्क्यांनी वाढतात असे धरले, तर वाढ होते २४ हजारांची. दरवर्षी तेवढेच कमी केले तर संख्या जागेवर राहते. दहा वर्षांत २ लाख ४० हजार उंट मारावे लागतात. दहा वर्षे काहीच केले नाही, तर संख्या साडेसहा लाखांच्या जवळ जाते आणि पुन्हा तीन लाखांवर आणायला साडेतीन लाख मारावे लागतात. म्हणजे लाखभर अधिक. खेरीज त्या दहा वर्षांत पाणवठे खराब होणार, झाडे ओरबाडली जाणार आणि दुष्काळ आला की हजारो उंट पाण्यावाचून तडफडून मरणार. ती तडफड कुठल्याही पशुवैद्यकाच्या तपासणीत नोंदली जात नाही.

थोडक्यात, ज्याला उंटांविषयी खरी कणव आहे त्याने नियमित, शांतपणे चाललेल्या नियंत्रणाची मागणी केली पाहिजे. ‘एकही उंट मारू नका’ म्हणून काम थांबवायचे आणि मग संकट आल्यावर घाईघाईने हजारोंनी मारायचे, यात उंटांवर दया होत नाही. सरकारचीही गोष्ट निराळी नाही. निधी ‘प्रकल्प’ म्हणून चार वर्षांसाठी येतो, उद्घाटन होते, समारोपाचा अहवाल निघतो. उंट मात्र अहवाल वाचून थांबत नाहीत. जो आजार बरा होत नाही, फक्त आटोक्यात राहतो, त्याच्या गोळीची तरतूद दरवर्षीच्या खर्चात करावी लागते.

दुसरे काही करता येणार नाही का?

भारतीय वाचकाच्या मनात हा प्रश्न येणारच, आणि तो योग्य आहे. राजस्थानात उंट कमी होत चालले आहेत. देशात २०१२ च्या पशुगणनेत सुमारे चार लाख असलेले उंट २०१९ मध्ये अडीच लाखांवर आले. मग तिथले इथे का आणू नयेत?

एक तर माणूस कधीच न पाहिलेले रानटी उंट पकडून, विलगीकरणात ठेवून, जहाजाने आणणे हे हजारांच्या संख्येतही परवडणारे नाही. दुसरे, राजस्थानात उंट कमी झाले ते उंट मिळत नाहीत म्हणून नव्हे. चराऊ राने कुंपणांत गेली, ट्रॅक्टर आणि जीप आल्या, रायका-रेबारींच्या पुढच्या पिढीला या व्यवसायात पोट भरेना. २०१४ मध्ये उंटाला राज्यपशूचा दर्जा मिळाला, २०१५ मध्ये त्याची कत्तल आणि राज्याबाहेर नेणे यांवर कायद्याने निर्बंध आले. तरीही घट थांबली नाही. विक्रीची वाट बंद झाल्याने उंट पाळणे अधिकच अवघड झाले, अशी पशुपालकांची तक्रार आहे. चरायला जागा आणि सांभाळणाऱ्याला मिळकत नसेल, तर उंट आणून ठेवायचे कुठे? एका देशात उंट जास्त झाले आणि दुसऱ्यात कमी पडले, पण दोन्हीकडे कारण तेच : यंत्रे आली आणि उंटाबरोबर जगणाऱ्या माणसांचा विचार कुणी केला नाही.

गर्भनिरोधक इंजेक्शनांचा पर्याय ऐकायला चांगला वाटतो. भारतात शहरातल्या कुत्र्यांची नसबंदी पुरेशा वेगाने होत नाही. भारताएवढ्या निर्मनुष्य प्रदेशात प्रत्येक उंटिणीला शोधून टोचायचे कसे? कुंपण घालून निवडक पाणवठे वाचवता येतात आणि ते करायलाच हवे, पण तहानलेला कळप तिथून पुढच्या पाणवठ्याकडे वळतो.

मांस, दूध, कातडे यांसाठी उपयोग वाढवणे हा सर्वांत समजूतदार मार्ग वाटतो आणि काही ठिकाणी तो चालतोही. गोळी घालून हजारो किलो मांस वाळवंटात कुजू देणे अनेक अनंगूंनाही पसंत नाही. त्यांच्यातही एकमत नाही : कुणाला उंट हाकारून विकावेत असे वाटते, कुणी ते खातात, तर ख्रिस्ती झालेल्या काही ज्येष्ठांच्या मनात येशूच्या जन्मकथेमुळे उंटाविषयी जिव्हाळा आहे. पण जवळचा कत्तलखाना शेकडो किलोमीटरवर, रस्ते मातीचे, भाव अस्थिर. जिथे रस्ता आहे तिथे उपयोग करावा. जिथे नाही तिथे गोळीच उरते, हे मान्य करावे लागते. कुठे कोणता मार्ग, हे ठरवण्याचा पहिला हक्क त्या भूमीवर राहणाऱ्यांचा. बर्क आणि विल्स यांनी त्यांना विचारले नाही. आताच्या सरकारांना ती सबब नाही.

महाराष्ट्रासाठी धडा

उंट महाराष्ट्राचा प्रश्न नाही. पण बाहेरून येऊन पसरलेल्या जिवांचा प्रश्न महाराष्ट्राला चांगलाच ठाऊक आहे. १९५० च्या दशकात पुण्यात प्रथम लक्षात आलेले गाजर गवत, म्हणजेच काँग्रेस गवत, आज देशभर आहे. हाता-पायांवर, मानेवर, पापण्यांवर खाजरा, कातडी जाड करणारा त्वचादाह आणि दम्याचा त्रास घेऊन येणारे कितीतरी शेतकरी आणि शेतमजूर या गवताचे बळी असतात. ते कुणी मुद्दाम आणले नाही, पण फुलोऱ्यापूर्वी दरवर्षी नियमाने उपटण्यात मात्र आपण कमी पडतो. एखाद्या वर्षी मोहीम निघते, छायाचित्रे छापून येतात, पुढच्या पावसाळ्यात रस्त्याच्या कडा पुन्हा पांढऱ्या होतात. ऑस्ट्रेलियाच्या उंटांचीच ही गोष्ट, फक्त गवताची.

दुसरे उदाहरण थेट आरोग्य खात्याचे. डासांच्या अळ्या खाण्यासाठी गप्पी मासे सोडणे ही हिवताप आणि डेंग्यू नियंत्रणातली परिचित पद्धत. गप्पी मूळचा दक्षिण अमेरिकेचा. सिमेंटची टाकी, बंद पडलेली विहीर, बांधकामावरचा हौद यांत तो उपयोगाचा आहे आणि तिथेच राहतो. पण उत्साहाच्या भरात तो ओढ्यात, नदीत, तलावात सोडला, तर स्थानिक लहान माशांच्या अन्नात आणि जागेत वाटेकरी होतो. शिवाय ते स्थानिक मासेही डासांच्या अळ्या खातच असतात. गप्पी कुठे सोडायचा आणि कुठे नाही, हे प्रत्येक आरोग्य कर्मचाऱ्याला नीट सांगितले गेले पाहिजे. एकदा वाहत्या पाण्यात गेलेला गप्पी परत बोलावता येत नाही.

नवे औषध बाजारात आणण्यापूर्वी त्याचे दुष्परिणाम तपासले जातात आणि नंतरही वर्षानुवर्षे नोंदले जातात. नवा प्राणी, मासा किंवा झाड आणताना तेवढीच तपासणी हवी, आणि एक प्रश्न जास्तीचा : काम संपल्यावर हा जीव कोण सांभाळणार किंवा कोण काढणार, आणि त्याचा खर्च कुठल्या खात्यातून येणार? १८६० मध्ये कराचीच्या धक्क्यावर हा प्रश्न कुणी विचारला नाही. १९२५ मध्ये त्याचे उत्तर बंदुकीने देण्याचा प्रयत्न झाला आणि तो फसला. २०१३ मध्ये उत्तर सापडले होते, पण ते चालू ठेवले नाही.

ऑस्ट्रेलियाच्या सरकारने मोकाट उंटांसाठी दरवर्षीची, कायमची तरतूद करावी, ती अनंगू आणि इतर भूमिपुत्रांच्या संस्थांच्या हाती द्यावी आणि गोळी घालण्याच्या पद्धतीवर स्वतंत्र पशुवैद्यकांची नजर पुन्हा ठेवावी. तसे झाले तर पुढच्या दुष्काळात पाच दिवसांत पाच हजार उंट मारण्याची वेळ येणार नाही. महाराष्ट्रातही येत्या पावसाळ्यात गाजर गवत फुलण्याआधी उपटले गेले, आणि त्याच्या पुढच्या पावसाळ्यातही उपटले गेले, तर त्वचारोग विभागातली गर्दी काही प्रमाणात तरी कमी होईल.